अटीची भाकरी



पौष वद्य एकादशीला त्र्यंबकेश्वरी संतश्रेष्ठ निवृत्तिनाथ महाराजांची यात्रा भरते. जव्हारकडच्या दिंड्या मोखाड्यावरून घाट चढून तिकडे जातात. वाटेत जो पाडा लागेल तिथे पहिले स्वागत कुत्री करतात, हे या वाटेने चालणाऱ्या प्रत्येकाला माहीत आहे. भगव्या पताका, टाळमृदंगाचा गजर, एवढी अनोळखी माणसे. ती भुंकली नाहीत तरच नवल. गेल्या वारीत मात्र एका पाड्यावर निराळे दिसले. एक काळा कुत्रा धावत आला, तीन-चार वेळा भुंकला आणि मान वळवून घराकडे पाहू लागला. घरातून एक शाळकरी मुलगी बाहेर आली. तिने आमच्याकडे पाहिले आणि कुत्र्याला म्हणाली, “पाहिलं रे काळू, बास.” कुत्रा थांबला. तिने ओच्यातून काहीतरी काढून त्याच्या तोंडात घातले. नागलीच्या भाकरीचा तुकडा होता, हरभऱ्याएवढा. काळू ओट्यापाशी जाऊन बसला आणि आमची सगळी दिंडी त्याच्यासमोरून निघून गेली तरी त्याने पुन्हा तोंड उघडले नाही.

पुढे चालताना एका तरुण टाळकऱ्याने मला विचारले, “बुवा, भाकरी देऊन गप्प बसवायचं, ही लाच म्हणायची की शिकवण?” मी उत्तर जुळवीत होतो, तेवढ्यात मागून चालणारे एक वृद्ध माळकरी म्हणाले, “भाकरी देऊन तोंड बंद करणं आम्हाला नवं नाही. आमच्या आज्याचं तोंड असंच बंद केलं होतं.” एवढे बोलून ते टाळ वाजवू लागले.

पहिला प्रश्न कुत्र्याचा होता आणि दुसरे बोलणे माणसाचे. पण दोन्ही एकाच भाकरीबद्दल होते. त्यावर जे चिंतन घडले ते वाचकांसमोर ठेवतो.

आधी काळूची हकीकत सांगितली पाहिजे. परतीच्या वाटेवर त्याच घरी पाणी प्यायला थांबलो तेव्हा ती कळली. मोखाड्याकडच्या पाड्यांत आजही पुष्कळ घरे कारवीच्या कुडाची, वरून मातीने लिंपलेली असतात. अशा भिंतीतून वारा येतो तसा आवाजही येतो. एका घरातला खोकला दुसऱ्या घरात ऐकू जातो, मग रात्रभर भुंकणारा कुत्रा तर सगळ्या पाड्याच्या उशाशीच बसलेला. काळू घूस पळाली तरी भुंके, शेजारचा म्हातारा रात्री उठून बाहेर आला तरी भुंके, आणि कधी कधी काहीच नसताना भुंके. संध्याकाळी देवळात हरिपाठ सुरू झाला की टाळांच्या पहिल्या ठोक्याला याचा दुसरा फड सुरू होई. शेजारच्या घरात बाळंतीण होती. पोर जरा डोळा लावते तोच हा भुंकून उठवी.

घरच्यांनी सगळे उपाय केले. खडा मारला, पाणी फेकले, ओरडले. आपण ओरडलो की कुत्र्याला वाटते धनीही आपल्याबरोबर भुंकतो आहे, तेव्हा संकट खरेच मोठे असणार. तो आणखी जोरात भुंकतो. मग साखळीने बांधून पाहिले. बांधलेला कुत्रा मोकळ्यापेक्षा अधिक भुंकतो, कारण त्याला आवाजापाशी जाऊन पाहताही येत नाही आणि आवाजापासून दूरही पळता येत नाही. शेवटी पाड्यातल्या कोणीतरी सुचवले, “भाकरीतून काहीतरी घाला, एका रात्रीत मोकळे व्हाल.”

हे सुचवणारा फार दुष्ट माणूस होता असे मला वाटत नाही. महिनाभर झोप न झालेला होता, इतकेच. गावोगाव हा उपाय असाच, थकलेल्या माणसांच्या तोंडून निघतो आणि कोणी त्याचा विटाळ मानत नाही. प्राण्यांना क्रूरतेने वागवण्याविरुद्धचा कायदा १९६० सालापासून आहे, आणि आताच्या भारतीय न्याय संहितेत जनावराला विष घालून मारणाऱ्याला पाच वर्षांपर्यंत कैद सांगितली आहे. पण गळ्यात तुळशीची माळ असलेल्या घराला एवढ्यासाठी कायदा वाचून दाखवण्याची वेळ येऊ नये. संध्याकाळी देवळात सर्वांभूती देव आहे असे गायचे आणि रात्री त्यातल्या एका भूताला विषाची भाकरी घालायची, यात जी फट आहे ती मंजूर करायची की नाही, हा त्या घरापुढचा खरा प्रश्न होता. घरधन्याने नाही म्हटले. नाही म्हणणे सोपे. पण शेजारच्या बाळंतिणीला झोप कशी मिळणार, याचे उत्तर नुसत्या नाहीत नव्हते. दया दाखवायची आपण आणि तिचा भार सोसायचा शेजाऱ्याने, ही दयाही अर्धीच.

उत्तर मुलीने शोधले. शेळ्यांना लस टोचायला गुरांचे डॉक्टर पाड्यावर आले होते, त्यांना तिने विचारले. त्यांनी तिला एक रीत सांगितली आणि तिने ती महिनाभर चालवली. रीत ऐकायला पोरखेळ वाटते, म्हणून थोडी सविस्तर सांगतो.

कुत्रा भुंकत असताना त्याला काही द्यायचे नाही. रागही नाही आणि भाकरीही नाही. तो कितीही भुंकला तरी श्वास घ्यायला कुठेतरी थांबतोच. त्या थांबण्याची वाट पाहायची. तो क्षण आला रे आला की हळू आवाजात एक ठरलेला शब्द म्हणायचा आणि लगेच तुकडा तोंडात द्यायचा. ‘लगेच’ याचा अर्थ एक-दोन सेकंदांत. चार पावले घरात जाऊन भाकरी आणेपर्यंत तो पुन्हा भुंकला असेल, तर तुकडा भुंकण्याबद्दल मिळाला असे तो समजतो. म्हणून मुलीने तुकडे ओच्यातच ठेवले. पहिल्या दिवशी दोन सेकंदांच्या शांततेला तुकडा. ते जमले की पाच सेकंद. मग दहा, मग अर्धा मिनिट. मध्येच चुकला तर मारायचे नाही, पुन्हा खालच्या पायरीवर यायचे. घरातल्या सगळ्यांनी शब्द एकच वापरायचा. आजी ‘हाड’ म्हणते, बाप ‘चूप’ म्हणतो आणि पोरगी ‘बास’ म्हणते, असे झाले तर त्या बिचाऱ्याला कळायचे तरी काय?

आठ-दहा दिवसांनी एक गोष्ट झाली, तिथे पुष्कळ लोक हात टेकतात. काळूचे भुंकणे कमी होण्याऐवजी एकदम वाढले. पूर्वी भुंकल्यावर कोणीतरी धावून येई, निदान ओरडे तरी. आता कोणी येत नाही म्हणताना त्याने होता नव्हता तेवढा जोर लावून पाहिला. डॉक्टरांनी हे आधीच बजावले होते: या दिवसांत कंटाळून एकदा जरी भुंकण्याला तुकडा टाकलात, तर त्याला कळेल की एवढ्या मोठ्याने भुंकले की मिळते. मुलीने दात आवळून ते तीन-चार दिवस काढले. त्यानंतर मात्र उतार लागला. पुढे तुकडा प्रत्येक वेळी न देता कधी द्यायचा, कधी नुसती पाठ थोपटायची, असे तिने केले. सवय पक्की झाल्यावर अधूनमधून मिळणारा घास ती अधिक टिकवतो, हा याच रीतीतला भाग.

शास्त्र म्हणून पाहिले तर यात नवे काही नाही. रशियातले इवान पावलोव कुत्र्यांच्या पचनाचा अभ्यास करीत होते. त्या कामाला १९०४ साली नोबेल पारितोषिक मिळाले. अन्न तोंडात पडायच्या आधीच, अन्न आणणाऱ्याची चाहूल लागली तरी कुत्र्याला लाळ सुटते, हे त्यांनी पाहिले. अमेरिकेत थॉर्नडाइक यांनी मांजरे पेटीत ठेवून १८९८ साली दाखवले की ज्या कृतीमागून समाधान मिळते ती कृती जीव पुन्हा पुन्हा करतो. आपल्याकडे ही गोष्ट सांगायला एकच क्रियापद पुरते: सोकावणे. एकदा गोड लागले की जीव तिथे सोकावतो. आपण ते तक्रारीने म्हणतो. कुत्रा सोकावला, पोर सोकावले, पाहुणा सोकावला.

आणि येथेच आमच्या टाळकऱ्याच्या प्रश्नाचे निम्मे उत्तर माउलींनी देऊन ठेवले आहे. गीतेच्या सहाव्या अध्यायात अर्जुन म्हणतो की हे मन वाऱ्यासारखे आहे, ते आवरणार कसे? भगवंत अभ्यास आणि वैराग्य सांगतात. त्यावर ज्ञानेश्वरीत माउली मनाचा एक चांगला गुण दाखवतात. मनाला जिथे गोडी दिसते तिथे ते सोकते. तेव्हा त्याला आत्मानुभवाचे सुख कौतुकाने दाखवीत जावे. सोकणे हेच क्रियापद आहे तिथे. ज्याला आपण दोष म्हणतो, त्याला माउली मनाचे निके म्हणतात. मनाला काठी मारा असे ते सांगत नाहीत. आणि ‘कौतुकाने’ हा शब्द तर मला त्या पोरीच्या ओच्यातच दिसला.

उलट तिसऱ्या अध्यायात भगवंतांनीच विचारले आहे की प्राणी आपापल्या प्रकृतीप्रमाणे चालतात, तिथे नुसता निग्रह काय करणार? काठीच्या बाबतीत हे शब्दशः खरे आहे. मारून गप्प केलेला कुत्रा गप्प होतो, पण ज्या भीतीने तो भुंकत होता ती आत तशीच राहते, वर आणखी माराची भीती बसते. असा कुत्रा पुढे न भुंकता चावतो. कारण भुंकणे हा त्याचा इशारा होता, आणि इशारा दिला की मार बसतो एवढेच तो शिकला. ज्या घरात पोरांना बोलायची सोय ठेवलेली नसते, तिथे काय होते हे वेगळे सांगायला नको.

आता कोणी म्हणेल, ठीक आहे, पण हे सगळे सकामच झाले. तुकड्यासाठी गप्प बसणारा कुत्रा आणि पुत्रासाठी नवस बोलणारा माणूस यात फरक काय? फरक नाही, असेच मी म्हणेन. आणि त्यात लाज वाटण्यासारखेही काही नाही. गीतेच्या सातव्या अध्यायात आर्त, जिज्ञासू, अर्थार्थी आणि ज्ञानी असे चार भक्त सांगितले. ज्ञानी भगवंताला सर्वांत प्रिय, हे खरे. पण संकटात सापडलेला आणि काही मागायला आलेला, या दोघांनाही त्यांनी भक्तांच्या पंक्तीतून उठवले नाही. चौघेही उदार, असेच म्हटले. आपल्या कीर्तनाला येणाऱ्या पोरांकडे पाहा. शेवटच्या आरतीला नेमकी कुठून गोळा होतात? खिरापतीच्या वासाने. लाह्या, खोबरे, साखर हातावर पडली की पळतात. चार वर्षे अशी पळणारी पोरे पाचव्या वर्षी टाळ मागतात. त्यांच्या हातावर खिरापत ठेवणाऱ्या म्हातारीला कोणी लाच देणारी म्हणत नाही. मला विचाराल तर निष्काम भक्तीच्या गप्पा मारणाऱ्या पुष्कळ जणांपेक्षा ती परमार्थाचे काम अधिक करते.

तेव्हा टाळकऱ्याची शंका तेवढी अवघड नव्हती. अवघड आहे ते त्या वृद्ध माळकऱ्यांचे बोलणे. आणि त्याच्याही आधी नामदेवरायांची कथा.

कथा सर्वांना ठाऊक आहे. नामदेव भाकरी भाजीत होते, कुत्र्याने भाकरी पळवली. नामदेव तुपाची वाटी घेऊन त्याच्या मागे धावले, की देवा, कोरडी खाऊ नकोस, तूप तरी लावू दे. ही कथा ऐकताना आपण हसतो, डोळे पुसतो, आणि घरी जाऊन कुत्र्याला हाड म्हणतो, ते असो. पण या कथेपुढे आपली शिकवणीची रीत उभी केली तर काय दिसते? नामदेवरायांनी कुत्र्याला काहीच अट घातली नाही. चोरून नेलेल्या भाकरीलाही तूप लावले. आणि आपण म्हणतो, आधी गप्प बस, मग तुकडा देतो. संताची भाकरी बिनअटीची आणि वारकऱ्याची अटीची, असे कसे?

आणि आता त्या वृद्धांचे बोलणे घ्या. आपल्या जव्हार-मोखाड्याच्या शेजारी डहाणू आणि उंबरगावचा पट्टा आहे. तिथे वारली माणसाने जमीनदाराच्या शेतावर वेठ केली. लग्नासाठी घेतलेल्या थोड्या पैशांपायी नवरा-बायको दोघेही वर्षानुवर्षे सावकाराच्या घरी राबत. त्यांना लग्नगडी म्हणत. १९४५ साली गोदावरी परुळेकर आणि शामराव परुळेकर यांच्याबरोबर वारली लोक या वेठीविरुद्ध उठले. गोदाताईंनी ते सारे ‘जेव्हा माणूस जागा होतो’ या पुस्तकात लिहून ठेवले आहे. ज्याची चूल मालकाच्या दाण्यावर पेटते, त्याने मालकापुढे तोंड उघडायचे नाही, हा त्या व्यवस्थेचा नियम होता. भूक हातात धरली की जीभ आपोआप हातात येते. भाकरी देऊन तोंड बंद करणे म्हणतात ते हे. ज्यांच्या आज्याने हे सोसले, त्यांना ओच्यातला तुकडा पाहून ते आठवले यात नवल काय?

दृष्टान्त एकदेशी असतो, असे आपले जुने निरूपणकार सांगत. चंद्रासारखे मुख म्हटले म्हणून मुखावर डाग शोधायचा नसतो. कुत्रा आणि माणूस यांची तुलनाही अशीच बेताने करावी, नाहीतर माणसाचा अपमान होईल. पण त्या वृद्धांनी बोट ठेवले ती जागा दोन्हीकडे तीच आहे. म्हणून ती नीट पाहू.

सावकाराने अट कशाला घातली होती? पोटाला. राबलास आणि गप्प राहिलास तर जेवशील, नाहीतर उपाशी. काळूला मुलीने कोणती भाकरी अटीने दिली? मी तिला मुद्दाम विचारले, की तुकड्यासाठी त्याने ऐकावे म्हणून त्याला उपाशी ठेवत होतीस का? ती माझ्याकडे वेड्यासारखी पाहू लागली. त्याचे जेवण त्याला दोन्ही वेळा मिळतच होते. भुंकला त्या दिवशीही, न भुंकला त्या दिवशीही. घरात नागलीची भाकरी झाली की त्याची भाकरी आधी बाजूला पडत होती. ओच्यातले तुकडे त्या भाकरीचे नव्हते, वेगळे होते. डॉक्टरांनीही तिला हेच सांगितले होते की भुकेने कासावीस झालेला जीव शिकत नाही, नुसता झडप घालतो.

मला वाटते, सगळा निवाडा इथे आहे. पोटाची भाकरी नामदेवरायांची. तिला अट नाही, कुत्र्यालाही नाही आणि माणसाला तर नाहीच नाही. ओच्यातला तुकडा ही भाकरीच नव्हे. तो एक शब्द आहे. ज्याला आपली भाषा येत नाही त्याला ‘हो, असेच’ हे सांगायचे कसे? आपण त्याला त्याच्या जिभेला कळेल अशा भाषेत सांगतो. पोराच्या पाटीवर मास्तर शाबासकीची खूण करतात, तसा तो तुकडा. पण मास्तरांनी पोराचा दुपारचा डबा स्वतःपाशी ठेवून म्हटले की पाढे म्हण, मग देतो, तर ती शिकवण राहात नाही. तुकडा आणि डबा यांतली रेघ बारीक आहे. आपण मोठी माणसे ती घरात रोज ओलांडतो. सुनेशी आज गोड बोलायचे की नाही हे तिच्या कामावर ठरवतो. मुलाला मार्क पडले तर जवळ घेतो. त्यांच्या पोटाच्या भाकरीलाच आपण अट घातलेली असते, आणि वर त्याला संस्कार म्हणतो.

दुसरी गोष्ट त्याहून मोठी आहे. सावकाराला वारल्याचे तोंड बंद का हवे होते? कारण तो जे बोलला असता ते खरे होते. आता काळूचे पाहा. तो भुंकतो तेही पुष्कळदा खरेच असते. मोखाड्याचे रान आजही बिबट्याचे रान आहे, आणि बिबट्या पाड्यात येतो तो बहुतेक वेळा कुत्र्यासाठी, कोंबडीसाठी, शेळीसाठी. इथल्या माणसाने वाघाला वाघदेव करून रानात लाकडावर कोरला तो उगाच नाही. निवृत्तिनाथांच्या चरित्रातही हाच डोंगर आणि हाच वाघ आहे. ब्रह्मगिरीच्या प्रदक्षिणेला गेलेल्या विठ्ठलपंतांच्या कुटुंबापुढे वाघ आला, पळापळ झाली, निवृत्ती चुकले आणि गहिनीनाथांच्या गुहेत पोहोचले. आपल्या संप्रदायाची नाथपरंपरेशी गाठ अशी पडली. अशा मुलखात रात्री कुत्रा भुंकला तर त्याला अजिबात न भुंकायला शिकवणे हे शहाणपण नव्हे. शेळ्या राखणारा तोच आहे, आणि कुडाच्या घरात जमिनीवर निजलेली पोरेही राखणारा तोच.

म्हणून मुलीने त्याला मुके केले नाही, हे मला फार महत्त्वाचे वाटले. तिने त्याला तीन-चार वेळा भुंकू दिले. मग ती स्वतः उठून बाहेर आली, रात्री असली तरी. बॅटरी घेऊन ज्या दिशेला तो पाहतो आहे त्या दिशेला पाहिले. आणि मग म्हणाली, “पाहिलं.” त्यानंतर ‘बास’. डॉक्टरांनी एवढे सांगितले होते की नाही, मला माहीत नाही. मला वाटते तिचे तिनेच जोडले असावे. पण सगळी रीत तिथे बदलली. कुत्रा सांगत होता की कोणीतरी आहे. त्याचे कोणी ऐकत नव्हते म्हणून तो तेच रात्रभर सांगत होता. ज्या दिवसापासून कोणी उठून पाहू लागले, त्या दिवसापासून त्याला एकदाच सांगणे पुरू लागले. तुकड्याने जेवढे काम केले, तेवढेच उठून पाहण्यानेही केले असणार. वारल्यांच्या मालकाने तुकडा दिला, पण उठून पाहिले नाही. आपण एखाद्याला शांत करतो तेव्हा त्याचे ऐकून शांत करतो की न ऐकता, हे ज्याचे त्याने तपासावे. गावच्या सभेत, घरात, आणि देवळाच्या पंचांच्या बैठकीतसुद्धा.

येथे एक कथा आठवते, तिचा रोख नेमका उलटा आहे. पैठणच्या धर्मसभेत माउलींनी रेड्याच्या तोंडून वेद वदवले. त्या रेड्याची समाधी जुन्नर तालुक्यात आळे येथे आहे, लोक तिथे जाऊन माथा टेकतात. ज्या सभेने त्या भावंडांचे म्हणणे ऐकून घेतले नव्हते, त्या सभेला एका मुक्या जनावराचे ऐकावे लागले. आपल्या संप्रदायाची सुरुवातच अशी आहे, ज्यांना वाणी नाही असे सगळे मानतात त्यांना बोलते करण्याची. तेव्हा वारकऱ्याच्या घरात कोणाला गप्प बसवायचेच झाले, मग तो कुत्रा का असेना, तर हात जरा जड व्हायलाच हवा.

हरिपाठाचे काय झाले, हे सांगायचे राहिले. टाळांचा आवाज काळूला टोचत असे. मुलीने त्याला सुरुवातीला देवळापासून लांब, जिथे टाळ अगदी हळू ऐकू येतो तिथे बसवले, आणि टाळ वाजत असताना तुकडे दिले. रोज थोडे जवळ. पंधरा-वीस दिवसांनी तो देवळाच्या पायरीपाशी येऊन झोपू लागला. भजनी मंडळातले एक गृहस्थ म्हणाले, कुत्रा भक्त झाला. असे म्हणू नये. त्याला टाळ म्हणजे तुकडा एवढेच कळते. पण पूर्वी टाळ म्हणजे अंगावर येणारा दगड एवढेच त्याला कळत होते, आणि दगड मारणारे हात टाळ वाजवणाऱ्यांचेच होते. हा बदल त्याच्यात झाला त्यापेक्षा मंडळात अधिक झाला, असे मला वाटते. दिंडीत चालणाऱ्यांसाठी एवढेच सांगतो की भुंकणाऱ्या कुत्र्याकडे रोखून पाहू नका, पळू नका, पताकेचा दांडा उगारू नका. आणि तो भुंकत असताना कनवटीची भाकरीही फेकू नका. तो थांबला की मग द्या. पुढच्या दिंडीवर तुमचे उपकार होतील.

पण प्रत्येक भुंकण्याला ही रीत लागू पडत नाही. दिवाळी झाली की मोखाडा-जव्हारची कितीतरी घरे कुलपे लावून निघतात. भिवंडी, वसई, कल्याणकडे, वीटभट्ट्यांवर आणि बांधकामांवर. नागली, वरई घरात पुरेशी नसते आणि रानात मजुरी नसते, म्हणून जावे लागते. पोरेबाळे गाडीत बसतात, कुत्रा मागे राहतो. पाड्यावर उरतात ती म्हातारी माणसे आणि बंद दारांपुढे बसलेली ही कुत्री. ती जे रात्रभर ओरडतात ते इशाऱ्याचे भुंकणे नसते, आणि ‘बास’ म्हणून तुकडा देण्यासारखेही नसते. भूक असते आणि वाट पाहणे असते. तिथे शिकवायचे काही नाही, घालायचे आहे.

काळूच्या शेजारी दोन घरे अशी बंद आहेत. घरची आजी संध्याकाळी स्वतःची भाकरी थापताना दोन जास्त थापते आणि त्या दारांपुढे ठेवून येते. कुत्री भुंकत असली तरी ठेवते. डॉक्टरांची रीत मोडते म्हणून नात तिला एकदा बोलली, तर म्हणाली, “त्यांचा धनी भट्टीवर आहे, माझ्यावर ओरडू दे त्यांना.” पुढे उन्हाळा सरत येतो, पावसाआधी पेरणीची जमीन भाजायची असते, आणि एके संध्याकाळी खालच्या रस्त्याने टेम्पो येतो. माणसे, भांडी, चटया, पोरे असा सगळा संसार त्यात रचलेला असतो. टेम्पो अजून वळणावर असतो तोच ती दोन कुत्री ओरडत सुटतात. काळूही त्यांच्यात जाऊन ओरडतो. सारा पाडा ऐकत असतो आणि त्या संध्याकाळी ‘बास’ कोणीच म्हणत नाही.